उत्तर आहेच, हे आधी कसे कळते? मध्यवर्ती मूल्य प्रमेयाचा वापर

एक लाख रुपयांचे कर्ज, मुदत १२ महिने आणि व्याज फ्लॅट ८ टक्के, अशी योजना पुष्कळ ठिकाणी ऐकायला मिळते. तिची आकडेमोड तोंडी होते: वर्षाचे व्याज ८,००० रुपये, ते मुद्दलात मिळवले की १,०८,००० रुपये आणि त्याचे १२ समान हप्ते पाडले की प्रत्येक हप्ता ९,००० रुपयांचा. मात्र पहिला हप्ता भरताच मुद्दलाचा काही भाग परत गेलेला असतो आणि अकराव्या हप्त्यानंतर तर फारच थोडे मुद्दल उरते, तरी व्याज वर्षभर संपूर्ण एक लाखावरच आकारलेले असते. म्हणून कर्ज घेणाऱ्याने विचारायचा प्रश्न असा आहे: दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावरच व्याज लावायचे ठरवले, तर कोणत्या मासिक दराने हप्ता नेमका ९,००० रुपये येईल?

मासिक दर द मानू, म्हणजे एक टक्क्यासाठी द = ०.०१. हप्ता काढण्यासाठी (१ + द) या संख्येचा बारावा घात घ्यायचा, त्याने १ ला भागायचे, येणारी संख्या १ मधून वजा करायची आणि त्या वजाबाकीने १,००,००० × द या गुणाकाराला भागायचे. दर माहीत असेल, तर हप्ता असा सरळ मिळतो. उलट दिशेने, म्हणजे हप्त्यावरून दराकडे जायचे म्हटले, तर वर्गसमीकरणाच्या सूत्रासारखे कोणतेही सोपे सूत्र हाताशी नसते. तेव्हा काही दर घालून पाहू. मासिक दर १ टक्का धरला, तर हप्ता ८,८८४.८८ रुपये येतो, म्हणजे ९,००० पेक्षा कमी. दर १.२५ टक्के धरला, तर तो ९,०२५.८३ रुपये येतो, म्हणजे ९,००० पेक्षा जास्त. यावरून आपण सहज म्हणतो की हवा असलेला दर या दोहोंच्या मध्ये कुठेतरी आहे. तो अजून कोणी काढलेला नाही, तो काढण्याचे सूत्रही नाही, तरीही तो आहे असे आपण ठामपणे म्हणतो. या ठामपणाला आधार देणारे विधान म्हणजे मध्यवर्ती मूल्य प्रमेय, जे महाविद्यालयात इंटरमीजिएट व्हॅल्यू थिअरम या नावाने शिकवले जाते. मीन व्हॅल्यू थिअरम हे निराळे प्रमेय आहे. ते अवकलजाविषयी, म्हणजे बदलाच्या दराविषयी, बोलते आणि त्याचा येथे संबंध नाही.

प्रमेयाचे विधान असे आहे. फ हे फलन, म्हणजे प्रत्येक संख्येला एक ठरलेले मूल्य देणारा नियम, अ पासून ब पर्यंतच्या अंतरालावर, दोन्ही टोके धरून, संतत आहे असे समजा. म ही संख्या फ(अ) आणि फ(ब) यांच्या दरम्यान असेल, तर अ आणि ब यांच्या दरम्यान क ही किमान एक संख्या अशी असते की फ(क) = म. व्यवहारात म बहुधा शून्य घेतात. त्यासाठी फ मधून म वजा करून नवे फलन तयार करायचे, म्हणजे प्रश्न इतकाच उरतो की एका टोकाला ऋण आणि दुसऱ्या टोकाला धन असलेले संतत फलन मध्ये कुठेतरी शून्य होते का. आपल्या उदाहरणात हे फलन म्हणजे हप्ता उणे ९,०००.

संतत या शब्दाचा अर्थ नीट ध्यानात घ्यायला हवा, कारण प्रमेयाचा सारा भार त्याच्यावर आहे. क्ष मध्ये पुरेसा लहान बदल केला की फ(क्ष) मधला बदल आपण ठरवू त्या मर्यादेच्या आत राहतो, मग ती मर्यादा कितीही बारीक ठरवलेली असो: असे ज्या बिंदूपाशी घडते, तेथे फलन संतत असते. रिक्षाच्या मीटरवर भाड्याचा आकडा टप्प्याटप्प्याने उडी मारतो. अंतर संततपणे वाढत असले, तरी भाडे तसे वाढत नाही, आणि दोन टप्प्यांमधली भाड्याची रक्कम मीटरवर कधीच दिसत नाही. बहुपदी, म्हणजे क्षच्या घातांच्या पटींच्या बेरजा, मात्र सगळीकडे संतत असतात. दोन संतत फलनांची बेरीज, वजाबाकी आणि गुणाकार संतत असतात, आणि भागाकारही, जोवर छेद शून्य होत नाही तोवर. आपल्या हप्त्याच्या सूत्रात हा छेद फक्त द शून्य असताना शून्य होतो. तेथेही अडचण सुटते, कारण दर शून्याकडे नेला की हप्ता १,००,००० भागिले १२, म्हणजे ८,३३३.३३ रुपयांकडे जातो, आणि बिनव्याजी कर्जाचा हप्ता तेवढाच असतो. द = ० येथे हे मूल्य दिले की फलन शून्यापासून पुढे सर्वत्र संतत होते. त्यामुळे आणखी एक व्यापक गोष्ट हाती लागते: हप्ता ८,३३३.३३ रुपयांपेक्षा कितीही जास्त सांगितलेला असो, त्याला जुळणारा एखादा व्याजदर असतोच, कारण दर वाढवत नेला की हप्ताही मर्यादेबाहेर वाढत जातो.

आता तो दर प्रत्यक्ष काढू. १ आणि १.२५ यांचा मध्य १.१२५ टक्के. त्या दराने हप्ता सुमारे ८,९५५ रुपये येतो, म्हणजे कमी. त्यामुळे उत्तर उजव्या अर्ध्या भागात, १.१२५ आणि १.२५ यांच्या दरम्यान आहे. त्याचा मध्य १.१८७५ टक्के, आणि हप्ता सुमारे ८,९९०.५ रुपये, अजूनही कमी. पुढचा मध्य १.२१८७५ टक्के, आणि या वेळी हप्ता ९,००० च्या वर जातो. आता उत्तर १.१८७५ आणि १.२१८७५ यांच्यामध्ये सापडले आहे. असे दहा वेळा निम्मे केले, की पाव टक्क्याचे सुरुवातीचे अंतर एक हजार चोवीसाव्या भागाइतके उरते. उत्तर येते सुमारे १.२०४ टक्के दरमहा, म्हणजे वर्षाला सुमारे १४.४५ टक्के. ‘फ्लॅट ८ टक्के’ म्हणून सांगितलेल्या कर्जाचा घटत्या मुद्दलावरचा दर हा आहे. कर्जाच्या कागदावर सही करण्यापूर्वी प्रत्येकाला हा आकडा माहीत असायला हवा, असे मला मनापासून वाटते.

या निम्मे करण्याच्या रीतीतच प्रमेयाची सिद्धता दडलेली आहे. प्रत्येक पायरीला आपल्याजवळ एक अंतराल असते, ज्याच्या डाव्या टोकाला फलन ऋण आणि उजव्या टोकाला धन असते. मध्यबिंदूवर फलन शून्य निघाले तर काम संपले. नाहीतर ज्या अर्ध्या भागाच्या टोकांना चिन्हे विरुद्ध आहेत तो भाग ठेवायचा. अंतराले एकात एक बसत जातात, त्यांची लांबी शून्याकडे जाते आणि ती सगळी मिळून क या एकाच बिंदूला घेरतात. फ(क) धन असते, तर सांतत्यामुळे क च्या अगदी जवळच्या सर्व बिंदूंवर फलन धनच राहिले असते. पण आपली अंतराले शेवटी त्या जवळच्या प्रदेशातच येऊन पडतात आणि त्यांच्या डाव्या टोकाला फलन ऋण आहे. हा विरोध झाला. फ(क) ऋण मानले, तर उजव्या टोकापाशी तसाच विरोध येतो. म्हणून फ(क) शून्यच असले पाहिजे.

या सिद्धतेत एक पायरी आपण फार सहज ओलांडली: एकात एक बसणारी अंतराले एका बिंदूला घेरतात, हे कशावरून? त्या जागी बिंदूच नसेल तर? ही शंका पोकळ नाही. फक्त परिमेय संख्यांचे, म्हणजे अपूर्णांकांचे जग घ्या आणि त्यात क्षचा वर्ग उणे २ हे फलन पाहा. क्ष = १ येथे ते −१ आहे, क्ष = २ येथे +२ आहे आणि फलन संतत आहे. तरीही ते कोठेही शून्य होत नाही, कारण ज्याचा वर्ग २ आहे असा अपूर्णांकच नाही. निम्मे करण्याची रीत तेथेही चालते, अंतराले लहान होत जातात, पण ज्या जागेला ती घेरतात ती जागा रिकामी असते. याचा अर्थ असा की मध्यवर्ती मूल्य प्रमेय जितके फलनाविषयी आहे तितकेच संख्यारेषेविषयी आहे. वास्तव संख्यांच्या रेषेत अशी पोकळी नाही, या गुणाला पूर्णता म्हणतात, आणि तो गुण गृहीत धरल्यावाचून हे प्रमेय सिद्ध होत नाही. उलट, हेच फलन वास्तव संख्यांवर घेतले, तर दोनचे वर्गमूळ अस्तित्वात आहे हे प्रमेयानेच सिद्ध होते.

आज हे सारे पाठ्यपुस्तकात एका पानात मावते, पण येथवर पोहोचायला गणिताला दोनशेहून अधिक वर्षे लागली. सायमन स्टीव्हिन याने १५९४ मध्ये, क्षचा घन = ३०० क्ष + ३,३९,१५,०२४ या समीकरणाचे मूळ, म्हणजे ते खरे ठरवणारी क्षची किंमत, शोधण्यासाठी अंतराल दोन भागांत न विभागता दहा भागांत विभागले. क्ष = १०० घेतला तर डावी बाजू कमी पडते आणि १,००० घेतला तर जास्त होते. मग २००, ३००, ४०० अशी पाहणी केली की उत्तर ३०० आणि ४०० यांच्यात सापडते, पुढे ३२० आणि ३३० यांच्यात, आणि शेवटी ३२४ येते. (वाचकाने ३२४ चा घन करून ताळा पाहावा, तो तंतोतंत जुळतो.) उत्तर पूर्णांक नसते, तरी हीच रीत दशांशस्थळे एकेक करून देत राहिली असती. स्टीव्हिनजवळ रीत होती, पण ती का चालते याची सिद्धता नव्हती. त्यानंतरच्या गणितज्ञांना आलेख अक्षाच्या खालून वर जातो म्हणजे तो अक्षाला छेदणारच, एवढे पुरेसे वाटत असे.

प्राग येथील बर्नार्ड बोल्झानो याला ते पुरेसे वाटले नाही. १८१७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निबंधात त्याने आग्रहाने म्हटले की, संख्यांविषयीचे सत्य वक्ररेषेच्या चित्रावरून किंवा गतीच्या कल्पनेवरून सिद्ध करणे योग्य नाही, ते संख्यांच्या गुणधर्मांवरूनच सिद्ध व्हायला हवे. याच निबंधात त्याने सांतत्याची जवळजवळ आजचीच व्याख्या दिली. पॅरिसमध्ये ऑग्युस्तँ लुई कोशी याने १८२१ च्या आपल्या पाठ्यपुस्तकात अंतरालाचे पुनःपुन्हा समान भाग करण्याची रीत वापरून सिद्धता मांडली. तरी पोकळीचा प्रश्न दोघांच्याही मांडणीत पूर्णपणे सुटला नव्हता. वास्तव संख्या म्हणजे नेमके काय, याचे उत्तर रिचर्ड डेडेकिंड याने १८७२ मध्ये दिले, तेव्हा या प्रमेयाचा पाया पक्का झाला. मला बोल्झानोचा हट्ट फार मोलाचा वाटतो. जे डोळ्यांना उघड दिसते त्याची सिद्धता मागितली, म्हणूनच संख्यारेषेचा मूळ गुण उजेडात आला.

प्रमेय वापरताना विद्यार्थ्यांच्या हातून ज्या चुका होतात, त्यांतल्या बहुतेक अटींकडे दुर्लक्ष केल्यामुळे होतात. १ भागिले क्ष हे फलन −१ येथे −१ आणि १ येथे १ आहे, पण ते कधीच शून्य होत नाही, कारण मध्ये क्ष = ० येथे ते मुळात दिलेलेच नाही आणि तेथे कोणतेही मूल्य दिले तरी ते संतत होत नाही. केवळ चिन्हे पाहून अंतराल निम्मे करणारा संगणकीय प्रोग्राम मात्र, त्याला −१ आणि २ अशी टोके दिली तर, अशा फलनावरही शून्याच्या जवळ जाऊन थांबतो आणि तेथे मूळ आहे असे सांगतो, म्हणून सांतत्य आधी तपासणे हे माणसाचे काम आहे. दुसरी चूक म्हणजे टोकांची चिन्हे सारखी असली की मध्ये मूळ नाही असे समजणे. (क्ष − १)(क्ष − २) हा गुणाकार क्ष = ० आणि क्ष = ३ या दोन्ही ठिकाणी २ आहे, तरी मध्ये त्याची दोन मुळे आहेत. चिन्हे सारखी असतील तर प्रमेय काहीच सांगत नाही. तिसरी गोष्ट म्हणजे प्रमेय मुळे किती हे सांगत नाही. व्याजदराच्या उदाहरणात उत्तर एकच आहे, पण ते दर वाढला की हप्ता वाढतोच या निराळ्या कारणामुळे, आणि उत्तरपत्रिकेत ते कारण स्वतंत्रपणे लिहायला हवे. आणि प्रमेयाचा व्यत्यास खोटा आहे: मधली सर्व मूल्ये घेणारे फलन संतत असतेच असे नाही. गॅस्तों दार्बू याने १८७५ मध्ये दाखवले की कोणत्याही फलनाचा अवकलज, तो संतत असो वा नसो, मधली सर्व मूल्ये घेतो.

अटी नीट सांभाळल्या, तर प्रमेय किती दूरवर नेते हे विषम घातांकाच्या बहुपदीवरून दिसते. क्षचा पाचवा घात सर्वांत मोठा असलेली कोणतीही बहुपदी घ्या. क्ष फार मोठा धन असेल, तर त्या पदापुढे बाकीची पदे नगण्य ठरतात, आणि क्ष फार मोठा ऋण असेल, तर त्याच पदाचे चिन्ह उलटते. दोन टोकांना विरुद्ध चिन्हे आली, म्हणजे किमान एक वास्तव मूळ आलेच. पाचव्या घाताच्या समीकरणासाठी केवळ बेरीज, वजाबाकी, गुणाकार, भागाकार आणि वर्गमूळ, घनमूळ अशी मुळे वापरून सर्वसाधारण सूत्र देता येत नाही, हे नील्स हेन्रिक आबेल याने १८२४ मध्ये सिद्ध केले. सूत्र असू शकत नाही हे ठाऊक असताना मूळ मात्र आहे असे खात्रीने म्हणता येते, यात या प्रमेयाचे खरे बळ मला दिसते.

व्याजदरात आणि बहुपदीत फलन आयते मिळाले होते. कठीण प्रश्नांत ते आपल्याला रचावे लागते, आणि माझ्या मते प्रमेय वापरण्याचे खरे कौशल्य तेथेच आहे. पृथ्वीच्या विषुववृत्तावर या क्षणी परस्परांच्या अगदी विरुद्ध बाजूला असलेले दोन बिंदू असे आहेत का, की जेथे तापमान अगदी सारखे आहे? तापमान जागेबरोबर संततपणे बदलते असे मानू. नुसत्या तापमानाच्या फलनाकडे कितीही वेळ पाहिले तरी काही सुचत नाही. त्याऐवजी एखाद्या बिंदूचे तापमान उणे त्याच्या विरुद्ध बिंदूचे तापमान, असे फलन घ्या. एका बिंदूवर ते +५ असेल, तर विरुद्ध बिंदूवर जाऊन पाहता ते −५ च येणार, कारण वजाबाकीचा क्रम उलटतो. अर्धे विषुववृत्त चालून जाताना चिन्ह बदलले, म्हणजे मध्ये कुठेतरी फरक शून्य झाला, आणि सुरुवातीलाच तो शून्य असेल तर उत्तर तेथेच आहे. तापमानाविषयी एकही मोजमाप न घेता हा निष्कर्ष निघतो.

अशीच रचना धावण्याच्या शर्यतीतही कामी येते. एका धावपटूने १० किलोमीटर अंतर ५० मिनिटांत पूर्ण केले. तिचा वेग सतत बदलत होता, कधी ती हळू धावली, कधी जोरात. मार्गात सलग १ किलोमीटरचा असा तुकडा असलाच पाहिजे का, जो तिने नेमक्या ५ मिनिटांत कापला? क्ष किलोमीटरवर पोहोचायला लागलेला वेळ व(क्ष) मानू आणि ग(क्ष) = व(क्ष + १) − व(क्ष) असे नवे फलन घेऊ, म्हणजे क्ष पासून सुरू होणाऱ्या एका किलोमीटरला लागलेला वेळ. ग(०), ग(१), अशी ग(९) पर्यंतची दहा मूल्ये मिळवली की बेरीज ५० येते, म्हणजे त्यांची सरासरी ५ आहे. सगळी मूल्ये ५ पेक्षा कमी असू शकत नाहीत आणि सगळी जास्तही असू शकत नाहीत. म्हणून एखादे मूल्य ५ किंवा त्याहून कमी आणि एखादे ५ किंवा त्याहून जास्त असतेच, आणि मध्यवर्ती मूल्य प्रमेयाने ग हे फलन कुठेतरी नेमके ५ होते. येथेही अट विसरू नये. धावपटू पाणी पिण्यासाठी जागच्या जागी थांबली, तर त्या ठिकाणी वेळ वाढतो पण अंतर वाढत नाही, व(क्ष) हे फलन उडी मारते आणि सिद्धता कोसळते. म्हणून ती कोठेही थांबली नाही हे गृहीत धरावे लागते.

मग १ किलोमीटरऐवजी ३ किलोमीटरचा तुकडा घेतला, तर नेमक्या १५ मिनिटांत कापलेला असा तुकडा सापडेलच का? सरासरी तर तीच आहे. पण ३ ने १० ला पूर्ण भाग जात नाही, त्यामुळे तुकडे एकापुढे एक ठेवून बेरीज करण्याची वरची युक्ती चालत नाही, आणि उत्तरही नकारार्थी निघते. अंतराला पूर्ण भाग न जाणाऱ्या तुकड्यांसाठी असा निष्कर्ष काढता येत नाही, हे फ्रेंच गणिती पॉल लेव्ही याने १९३४ मध्ये दाखवले. आपल्या शर्यतीत ते हातानेच पडताळता येते. धावपटूने पहिला, चौथा, सातवा आणि दहावा किलोमीटर प्रत्येकी ६ मिनिटांत आणि बाकीचे सहा किलोमीटर प्रत्येकी ४ मिनिटे २० सेकंदांत, प्रत्येक किलोमीटरच्या आत एकसमान वेगाने, पार केले असे समजू. चार वेळा ६ मिनिटे म्हणजे २४, आणि सहा वेळा ४ मिनिटे २० सेकंद म्हणजे २६, एकूण ५० मिनिटे. वेगाचा हा क्रम दर ३ किलोमीटरला पुन्हा तोच येतो, त्यामुळे तुकडा कोठूनही सुरू केला, तरी त्यात संथ अंतर एकूण १ किलोमीटर आणि जलद अंतर एकूण २ किलोमीटर येते. म्हणून ३ किलोमीटरचा प्रत्येक तुकडा १४ मिनिटे ४० सेकंदांतच पूर्ण होतो आणि १५ मिनिटांचा तुकडा त्या मार्गावर कोठेही नसतो.